ओळ देणारी लुव्हेनिया

हिक्स क्रीकमध्ये लुव्हेनिया स्टॉलवर्थचं नाव काढलं की लोक दोन गोष्टी हटकून सांगतात. एक, तिच्यासारखा आवाज अलाबामात पुन्हा झाला नाही. दुसरी, गाण्यानं तिला काही दिलं नाही. यातली पहिली खरी आहे. दुसरी सांगणाऱ्यांनी तिची एक तरी रेकॉर्ड विकत घेतली होती का, हे विचारायची सोय नाही.

तिच्या घरी बॅटरीवर चालणारा रेडिओ होता आणि त्यावर एकच स्टेशन धड लागायचं, नॅशव्हिलचं. शनिवारी संध्याकाळी बाप पाय पसरून बसायचा आणि गोऱ्यांची फिडल, त्यांची स्टील गिटार, त्यांचे दारू पिऊन रडणारे नवरे आणि सोडून गेलेल्या बायका आमच्या काळ्या माणसांच्या घरात खुशाल नांदायच्या. हे संगीत आपलं नाही, असं लुव्हेनियाला कुणी सांगितलंच नव्हतं. त्यातलं दुःख ओळखीचं वाटायचं, तिला तेवढं पुरे होतं.

रविवारी माउंट नेबो चर्च. तिथे तिची आई डोशा ओळ द्यायची. जुनी गीतं आमच्याकडे पुस्तक उघडून कुणी गात नाही. एकानं ओळ झरझर म्हणून द्यायची, मग सगळ्या मंडळीनं ती उचलायची आणि एकेक शब्द ताणत, घोळवत, सावकाश गायची. तोवर ओळ देणाऱ्यानं गप्प राहायचं. पुष्कळांना ते जमत नाही. डोशाला गप्प राहणं फार छान जमायचं, चर्चमध्येही आणि घरीही.

लुव्हेनिया स्वतः गाणी रचायला लागली तेव्हा तिचा शनिवार आणि रविवार दोन्ही त्यात आपसूक आले. फिडलची चाल, रेडिओवरचं रडगाणं, पण प्रत्येक ओळीनंतर मोठी थोरली थांबण्याची जागा.

ही गाणी ती हमरस्त्यावरच्या एका बिअरच्या अड्ड्यावर गायली, आणि रविवार उजाडायच्या आत ती बातमी चर्चचे कारभारी डीकन पॅकर यांच्या कानावर गेली. डीकन पॅकर म्हणजे माउंट नेबोचा कणा. वाकायला तयार नसलेला. त्यांनी भरल्या चर्चमध्ये लुव्हेनियाला उभं केलं, अंगावरचा क्वायरचा, म्हणजे गाणाऱ्या चमूचा, झगा काढून घेतला आणि तिला 'बसवलं'. बसवलेल्या माणसाला चर्चमध्ये येता येतं, मागच्या बाकावर बसता येतं, पण गीत उचलता येत नाही, ओळ तर देताच येत नाही. पुन्हा गायचं तर सगळ्यांसमोर उभं राहून क्षमा मागायची.

डोशा तेव्हा क्वायरमध्येच उभी होती. एक शब्द बोलली नाही. घरी चालत येताना वाटेत एवढंच म्हणाली, "वरचा सूर नाकात जातो तुझा. घसा मोकळा सोड."

लुव्हेनिया गेली ती रेकॉर्ड निघायच्या त्या मसल शोल्सला. तिथला बॉइड टॅकेट नावाचा गोरा रेकॉर्ड काढणारा माणूस वाईट नव्हता. त्याला फक्त शांतता सहन व्हायची नाही.

"व्हीनी, ओळ झाली की एवढी थांबतेस कशाला? ऐकणाऱ्याला वाटेल, सुई अडकली."

"लोकांना गायला जागा नको?"

"कुठले लोक? इथे तू, मी आणि ड्रमवाला."

"घरी ऐकणारे."

"घरी ऐकणारे भांडी घासत असतात, बाई," असं म्हणून त्यानं त्या सगळ्या जागा व्हायोलिननं बुजवून टाकल्या.

रेकॉर्डच्या वेष्टणावर एका गोठ्याचं चित्र छापलं. तिचा फोटो छापला असता तर गोऱ्यांच्या दुकानांनी ती मांडली नसती, असं टॅकेटचं म्हणणं, आणि त्याचं म्हणणं खोटं नव्हतं. मग गोऱ्यांच्या स्टेशननं आवाज ऐकून रेकॉर्ड परत पाठवली, ही बाई काळी वाटते म्हणून. आमच्या स्टेशननं फिडल ऐकून परत पाठवली, हे डोंगरी गोऱ्यांचं रडगाणं आहे म्हणून. जॉर्जियातल्या एका जत्रेत तिचं गाणं ठरलं, तर तिथला व्यवस्थापक तिच्याकडे बघून म्हणाला, "बॅग तिकडे ठेव. तुझी बाईसाहेब कधी यायची आहे?" ती म्हणाली, "आली की कळवते," आणि सरळ मंचावर चढली. त्या दिवशी लोकांनी टाळ्या वाजवल्या, पण त्या जत्रेनं पुन्हा बोलावलं नाही.

एक गाणं तिला सगळ्यांत लाडकं होतं. लांबून बसनं येणारी एक बाई तिच्या माणसाला सांगते आहे, एवढंच त्यात होतं:

वाट लांब नि पाय थकले, थोडी जागा ठेव,
शेजारी तुझ्या मीच बसेन, एवढं ध्यानी ठेव.

तेही पडलं. पुढे ती बर्मिंगहॅमला एका शाळेच्या स्वयंपाकघरात लागली आणि शनिवारी मिळेल तिथे गात राहिली. दर ऑगस्टला एका रविवारपुरती गावी यायची. एकदा चवळीच्या शेंगा सोलता सोलता तिनं ते गाणं आईला म्हणून दाखवलं. आई म्हणाली, "पुन्हा म्हण." ती पुन्हा म्हणाली. आईनं आणखी एकदा म्हणायला लावलं, आणि मग चवळी चुलीवर चढवून दुसरंच काहीतरी बोलायला लागली. लुव्हेनियाला ते फार लागलं होतं.

क्षमा मात्र तिनं मागितली नाही. डीकन पॅकर दरवर्षी विचारायचे, ती दरवर्षी म्हणायची, "चोरी केली असती तर मागितली असती." मागच्या बाकावर तोंड मिटून बसायची, आणि पुढे आई ओळ द्यायची. तिचा हट्ट होता, हे खरंच. पण आपल्या आयुष्यभराच्या कामाला पाप म्हणणं तिच्यानं होत नव्हतं, आणि ते कुणाच्यानंही झालं नसतं.

डोशा गेली तेव्हा मावसबहीण अर्नेस्टीनचा फोन आला. रडून झाल्यावर अर्नेस्टीन म्हणाली, "मावशी सांगून गेलीय. माझ्या मातीला ओळ व्हीनीनंच द्यायची. दुसऱ्या कुणाच्या ओळीवर मी जायची नाही, म्हणाली."

"आणि पॅकर?"

"म्हणतात, द्यावी की. आधी उभं राहावं."

बर्मिंगहॅमपासून हिक्स क्रीकपर्यंत बसमध्ये ती ते एक वाक्य मनात घोळवत आली: माझी गाणी पाप होती, मला क्षमा करा. पहिले दोन शब्द जमायचे, तिसऱ्याला ती अडायची. आईची शेवटची इच्छा एका बाजूला आणि हा एक शब्द दुसऱ्या बाजूला.

माती शनिवारी होती. बुधवारी संध्याकाळी प्रार्थनासभेला ती मागच्या बाकावर, अर्नेस्टीनशेजारी जाऊन बसली. डीकन पॅकर काठी टेकत पुढे आले. आता खूप थकले होते, पण आवाज तोच. म्हणाले, "सिस्टर डोशाच्या आवडत्या गीतानं सुरुवात करू." आणि त्यांनी ओळ दिली:

"वाट लांब नि पाय थकले, थोडी जागा ठेव."

मंडळीनं ती उचलली. सावकाश, ताणत, ज्या जागा टॅकेटनं बुजवल्या होत्या त्या काठोकाठ भरत. म्हाताऱ्या बायकांनी डोळे मिटले होते. ती एकच ओळ विरत विरत गुणगुणण्यावर आली आणि तिच्यावरच डीकननी प्रार्थना सुरू केली, पुढची ओळ दिलीच नाही.

लुव्हेनियानं अर्नेस्टीनचा दंड धरला. "हे इथे कधीपासून गातात?"

"कधीपासून म्हणजे? दर बुधवारी गातो. फार जुनं आहे गं, गुलामीच्या काळातलं. मावशीला तिच्या आजीनं शिकवलेलं. स्वर्गात देवाजवळ जागा मागतात ना, ते. तुला कसं माहीत नाही?"

"मी बाहेर होते ना," लुव्हेनिया म्हणाली.

जन्मात कधी खोटं न बोललेल्या तिच्या आईनं देवाच्या घरात, सगळ्या मंडळीसमोर ही थाप मारली होती. चर्चनं लेकीला बसवलं, तर तिनं लेकीचं गाणं मागच्या दारानं आत आणून चौरंगावर बसवलं होतं. इतकी वर्षं एका वेष्टणावर आपला चेहरा छापून यावा म्हणून लुव्हेनिया झुरली होती. आता नुसतं उठून म्हणायचं होतं, हे गाणं माझं आहे. सगळ्यांच्या माना वळल्या असत्या. आणि त्याच क्षणी डीकन पॅकरनी ते अड्ड्यावरचं गाणं म्हणून बाहेर काढलं असतं, आणि शवपेटीतल्या आईला लबाड ठरवलं असतं.

"लुव्हेनिया," प्रार्थना संपवून डीकन म्हणाले, "तुला काही सांगायचंय ना?"

ती उठून पुढे गेली. "मी बाहेर गायले. त्यानं मंडळीचं मन दुखावलं असेल तर मला क्षमा करा."

"'असेल तर' काढ."

मागे कुणीतरी हसू दाबलं. "मंडळीचं मन दुखावलं," ती म्हणाली, "मला क्षमा करा." पाप हा शब्द तिनं उच्चारला नाही आणि तो कुणी मागितलाही नाही. मंडळी 'आमेन' म्हणाली. एवढ्या वर्षांचा राग असा चुटकीसरशी जातो, याचंच तिला जास्त रडू आलं.

शनिवारी चर्च भरून दारापर्यंत माणसं होती. आईच्या पेटीशेजारी उभं राहून तिनं पहिली ओळ दिली, आणि सगळ्यांनी ती उचलली. मग तिनं दुसरी दिली, जशी लिहिली होती तशी:

"शेजारी तुझ्या मीच बसेन, एवढं ध्यानी ठेव."

मंडळीनं ती ओळ तशी घेतलीच नाही. ज्यांना अनेक बुधवार डोशानं शिकवलं होतं, ती सगळी माणसं तोंडात बसलेलंच गायली:

शेजारी माझ्या लेक बसेल, एवढं ध्यानी ठेव.

लुव्हेनिया पेटीचा काठ धरून उभी राहिली. तो सूर ओसरल्यावर डीकन पॅकर पहिल्या बाकावरून वाकले आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा कुजबुजीत म्हणाले, "चुकलीस, पोरी. सिस्टर डोशा असं देत नव्हती. जुनी गीतं आहेत ती, आपल्या मनानं बदलायची नाहीत. नीट दे."

"हो, डीकन," ती म्हणाली, आणि घसा मोकळा सोडून आईची ओळ दिली.