विनाशिकेवरून आलेली तार

एकाहत्तरच्या लढाईत तुम्ही काय केलंत, असं कुणी विचारलं की मी आधी छाती पुढे काढतो आणि मग विषय बदलतो. खरं सांगायचं तर मी एकदा हात वर केला. बस्स, एवढंच.

माझं जहाज विनाशिका, म्हणजे डिस्ट्रॉयर होतं. नाव भारदस्त, पण वय झालेलं. तिच्यासारख्या आणखी काही म्हाताऱ्या नौदलात होत्या. लढाई लागली नसती तर सगळ्या भंगारात गेल्या असत्या. मी होतो तिच्या भटारखान्यात. शत्रूची पाणबुडी आमच्या मोठ्या विमानवाहू जहाजाच्या मागावर होती. ते जहाज लांब कुठेतरी लपलं होतं आणि आमच्या म्हातारीने त्याचं सोंग घ्यायचं होतं. म्हणून मोठ्या जहाजाला पुरेल एवढी ढीगभर भाजी बंदरातून आणायची, बिनतारी यंत्रावर सारखी बडबड करायची. पलीकडे ऐकणारे होतेच.

एके दिवशी साहेबांनी आम्हाला गोळा केलं. मोठ्या जहाजावरच्या कुणा खलाशाने घरच्या काळजीने न राहवून तार केली, असं दाखवायचं होतं. "कुणाची आई अगदी ठणठणीत आहे?" त्यांनी विचारलं. माझी आई मुळशीतला आमच्या गावचा चढ भाताचं पोतं डोक्यावर घेऊन चढायची. मी हात वर केला. तार गेली: आई अत्यवस्थ असल्याचे समजले, प्रकृती कळवा. शिवाय ताकीद मिळाली, यातलं अक्षरही कुठे बोलायचं नाही. ती तार खरोखरच घरी पोचेल, हे माझ्या टाळक्यात आलंच नाही.

लढाई संपल्यावर रजेवर आलो. पौडला एसटीतून उतरलो तर जो तो विचारतोय, "आय उठली का रं अंथरुणातनं?" धावतपळत घरी गेलो. आई गोठ्यात शेण काढत होती.

"तार गुर्जींनी वाचून दावली," ती हळूच म्हणाली. "मला तर शिंकबी आली नव्हती. मंग वळाकलं, प्वार भ्यालंय, रजा मागाया निमित्त शोधतंय. गावानं हसाया नगं म्हून घेतलं घोंगडं आन् पडले आठ दिस. भात झोडायचं तसंच ऱ्हायलं."

खरं सांगायला बंदी होती, म्हणून मी तिच्या हातातलं शेणाचं घमेलं घेतलं. देशाचं गुपित सांभाळल्याचा अभिमान वाटायला हवा होता, पण मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. जगाने काहीही म्हणावं, आईने भित्रा समजू नये, एवढंच मला हवं होतं.

पुढे नौदल सोडलं आणि पिरंगुटच्या एका कारखान्यात कँटीन सांभाळू लागलो. बऱ्याच वर्षांनी त्या सोंगाची हकिगत, तारेसकट, पेपरात छापून आली. मी रजा टाकून गावी गेलो आणि आईला समोर बसवून ती मोठ्याने वाचून दाखवली. दोनदा.

"छापलंय म्हंजी खरं आसंल," ती म्हणाली. "पर येक सांग. तितं तुला भ्या वाटलं व्हतं का न्हाई?"

पाणबुडी जवळ आल्याची आवई उठली, त्या दिवशी माझ्या हातून आमटीचं पातेलं पडलं होतं. हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नव्हतं. तिच्यापुढे मात्र खोटं बोलवेना.

"वाटलं व्हतं," मी म्हणालो. "लई."

"मंग माजं आठ दिस वाया न्हाई ग्येलं."