सुधाचं स्थळ आणि आमचं गस्त पथक

मुलांनो, तुमच्या सुधाआजीचं लग्न मी जवळजवळ मोडलं होतं, आणि तेही अत्यंत शिस्तीत.

सुधा माझी धाकटी नणंद. गोष्ट तुमच्या बाबांच्या जन्माआधीची. आम्ही तेव्हा कर्जतजवळ दहिवलीला राहत होतो. आळीतले पुरुष सकाळीच कामाला किंवा शेतावर जात आणि दुपारी बायका जरा आडव्या झाल्या, की परसातले तांब्याचे हंडे चालते होत. पोलिसांकडे गेलो, तर "हंडे घरात ठेवत जा" असा बहुमोल सल्ला मिळाला. मग आळीच्या रक्षणाची जबाबदारी इंग्रजी घेऊन बी. ए. झालेल्या एकमेव सुनेने, म्हणजे मी, स्वतःकडे घेतली. (कोणी सांगितलं नव्हतं. मला सांगावं लागत नाही.)

बायकांनी दुपारी जोडीने गस्त घालायची, गळ्यात शिट्टी, हातात धुणं बडवायचं धोपटणं. नियम माझा: अनोळखी माणूस कोणाच्या घराची चौकशी करताना दिसला, की धरायचा. माझ्या जोडीला शेजारच्या पार्वतीकाकू होत्या. भात झोडून त्यांचे दंड असे झाले होते, की चोराने आपण होऊन शरण यावं.

त्याच आठवड्यात सुधाला खालापूरचं स्थळ आलं. मुलगा शिक्षक, निर्व्यसनी. आधी दोन ठिकाणी जमता जमता फिसकटलं होतं, त्यामुळे सासूबाई देव पाण्यात घालून बसल्या होत्या. मंडळी रविवारी मुलगी बघायला यायची होती. त्यांच्यातलं कोणी आम्ही पाहिलेलं नव्हतं. मुलाच्या वडिलांना फक्त मामंजी, म्हणजे माझे सासरे, एकदा भेटले होते.

रविवारच्या आधीच एका दुपारी धोतर-टोपीतले एक स्थूल गृहस्थ पिठाच्या गिरणीपाशी उभे दिसले. गिरणीवाल्याला ते आमच्याच घराविषयी विचारत होते. माणसं कशी आहेत, शेत किती, दुपारी घरी कोण असतं! इतका निर्लज्ज चोर मी पुस्तकातसुद्धा वाचला नव्हता.

"कोन रं तू? कुठला?" पार्वतीकाकूंनी धोपटणं खांद्यावर घेतलं.

"असाच. सहज आलो होतो."

"नाव?" मी.

"ते आत्ता नाही सांगता येणार."

"ऐकलंस गं? नाव बी नाय त्याला," काकू म्हणाल्या.

मी शिट्टी फुंकली. पथक धावत आलं (दोघी पिठाच्या हातांनीच), आणि पुढच्या क्षणी गृहस्थ आमच्या सरपणाच्या खोलीत होते. बाहेरून कडी.

आता लग्न ठरवण्याआधी मुलाकडच्या वडीलधाऱ्याने गुपचूप येऊन आळीत चौकशी करायची आणि नाव काही केल्या सांगायचं नाही, ही रीत कर्जतपासून खालापूरपर्यंत शेंबड्या पोरालाही माहीत होती. माझे वडीलही माझ्या लग्नाआधी याच गिरणीपाशी तासभर घुटमळून गेले होते. पण शिट्टी गळ्यात असली, की असल्या क्षुल्लक गोष्टी आठवत नाहीत.

सुधाने खिडकीतून डोकावून पाहिलं. "वहिनी, म्हातारा माणूस आहे हो. पाणी तरी देऊ?"

"आधी नाव, मग पाणी," मी म्हटलं.

तिने माझं ऐकलं नाही. पाणी दिलं, मग चहा, मग गजांतून हात घालून वारासुद्धा घातला. वर हळूच समजूत काढली, "रागावू नका काका. वहिनी मनाने चांगल्या आहेत, फक्त मधूनमधून अंगात येतं त्यांच्या."

संध्याकाळी मामंजी शेतावरून आले. चोर बघायला म्हणून कौतुकाने खिडकीशी गेले आणि पांढरेफटक पडले. त्यांनी घाईघाईने कडी काढली.

"अहो, हे सुधाचे होणारे सासरे!"

सासूबाई उभ्या होत्या तिथेच बसल्या. पार्वतीकाकूंना अचानक चुलीवरचं दूध आठवलं. मला पळ काढायला मात्र कोणी कुठे दूध ठेवलं नव्हतं.

गृहस्थांनी टोपीवरचा भुसा शांतपणे झटकला. "मुलगी पसंत आहे," ते मामंजींना म्हणाले. "बघायचा कार्यक्रम नको. रविवारी सुपारीच फोडू."

मग माझ्याकडे वळले.

"थोरली सून जरा कडक आहे, असं तो गिरणीवाला म्हणाला होता. हे 'जरा' त्याने कुठून काढलं, तेवढं जाता जाता विचारतो."

लग्नात मंडपाच्या दाराशी पाहुण्यांच्या स्वागताला मला काही उभं केलं नाही. अक्षता वाटायला दिल्या, त्याही फक्त आपल्याच बाजूच्या लोकांना.