पर्पेतुआ मावशीचं डुक्कर

…हां, तर डुकरापाशी थांबलो होतो आपण. सरकारनं आमच्या बुगनविल बेटाची नाकेबंदी केली, त्याला दुसरं वर्ष लागलेलं. बोटी बंद, मीठसुद्धा येत नव्हतं. मी किनाऱ्यावरून समुद्राचं पाणी बांबूच्या नळ्यांत भरून डोंगरातल्या वस्त्यांना पोचवायचो. बायका त्यातच रताळी उकडायच्या.

पर्पेतुआ मावशीच्या वस्तीत तेव्हा ती एकटीच उरली होती. बाकीच्यांना सैनिकांनी किनाऱ्यावरच्या छावणीत नेलेलं, तिची बहीण क्लोटिल्डासुद्धा. मावशी डुकरामागे रानात गेली होती म्हणून राहिली. आता डुक्कर चांगलं माजलं होतं, पण आमच्यात आपण वाढवलेलं डुक्कर आपण खात नाही. हिचं क्लोटिल्डानं खायचं, क्लोटिल्डाचं हिनं. बहीण नाही, तर कापायचं कोणासाठी?

त्या दिवशी पोचलो तर चुलीशी अलॉइस! दुकानवाला. तांदूळ, डब्यातली मासळी, साखरेचा चहा, याखेरीज त्याच्या घरी काही शिजत नसे. दुकान लुटलं गेलं आणि स्वारी भुकेनं डोंगरात आली.

“काय रे, रताळी डुकरांना घालायची असतात म्हणायचास ना?” मावशी म्हणाली.

“म्हणायचो, मावशी. तेव्हा पोट भरलेलं होतं,” तोंडात रताळं कोंबत तो म्हणाला.

मावशी कितीतरी दिवसांनी हसली असेल. उठली, डुकराचा दोर त्याच्या हातात दिला आणि आमच्याकडे पाठ करून बसली.

आम्ही तापल्या दगडांवर, पानांत गुंडाळून ते भाजलं. वास काय सुटला होता म्हणता! अलॉइसनं चरबीचा उत्तम तुकडा केळीच्या पानावर काढून मानानं तिच्यापुढे ठेवला. गडी डब्यातलं खाऊन वाढलेला, डुक्कर कधी पाळलंच नव्हतं.

“उचल ते,” मावशी म्हणाली. “रोज हाक मारली की यायचं ते.”

अलॉइसनं पान उचलून आपल्यापुढे घेतलं. मावशीनं मात्र आमच्याजवळ सरकून बसून आपली रताळी खाल्ली. आम्ही काय खातो, किती खातो, बघत राहिली. आणखी घ्या, आणखी घ्या, चाललंच होतं.

मला पुढच्या वस्तीला पाणी द्यायचं होतं. अलॉइसही ओशाळून उठला. “मावशी, शांतता झाली की याच्या दुप्पट डुक्कर आणून बांधतो तुझ्या दारात,” तो म्हणाला.

मावशी म्हणाली, “डुक्कर आणशील तेव्हा आणशील. उद्या वरच्या मळ्यातली रताळी काढायची आहेत. थांब ना एक दिवस.”