जाजमाखालची सुपारी

आमच्या मामांइतका गाण्याचा वैरी अख्ख्या श्रीवर्धनात झाला नाही, आणि दर माघी गणपतीला हौशी कलावंतांचा कार्यक्रम भरवायचे तेही मामाच! पेटी आणि तबल्याची त्यांनी कधी गाठ पडू दिली नाही. पडदा ओढायला स्वतः उभे राहायचे आणि गाणाऱ्यालाच त्यात गुंडाळायचे. वर पुन्हा, "होतं असं. चालू द्या!"

या खुळाची सुरुवात मात्र वाईट आहे. एकुलता एक मुलगा विषमज्वराने गेला आणि मामी बोलायच्या थांबल्या. घरातलं सगळं करायच्या, पण तोंडातून शब्द नाही. चार माणसांत तरी बसेल म्हणून मामांनी कार्यक्रम आपल्याच अंगणात ठेवला. तिथं वाडीतली सुपारी वाळत घातली होती. दव पडेल म्हणून गड्यानं संध्याकाळी तिच्यावर जाजम टाकलं. मामांना वाटलं, वा, बैठक तयार! पोस्टमास्तर ऐटीत गायला आले, पाऊल टाकलं आणि "अगं आई गं!" करीत थेट पेटीवर. त्यांना उचलायला धावलेले मामा त्यांच्यावर. एवढ्यात ओटीवरून हसू ऐकू आलं. मामींचं! मामा पडल्या पडल्या ऐकत राहिले.

झालं! पुढं दर वर्षी मामा स्वतःच्या हातानं जाजमाखाली गुपचूप सुपारी पसरू लागले. पोस्टमास्तर बिचारे दर माघात नव्या धोतरात पडत. बरा गाणारा कुणी आलाच तर मामा त्याला दारातूनच वाटेला लावत. मी एकदा चिडून म्हटलं, "मामा, लोक हसतात हो तुम्हाला!"

"हसू देत की. एक माणूस हसलं म्हणजे माझं काम झालं."

कारण त्या एका संध्याकाळीच काय ते हसू. बाकी वर्षभर मामी गप्पच.

शेवटच्या माघात त्या अंथरुणाला खिळल्या होत्या. खाट ओटीवर आणली. मामा सुपारीची टोपली घेऊन चोरासारखे अंगणात निघाले, तशा मामी इतक्या वर्षांनी पहिल्यांदा बोलल्या, "जरा जास्त पसरा हो. यंदा मला नीट दिसत नाही."

पुढच्या वर्षी मामी नव्हत्या. मामांनी अंगण झाडून लख्ख केलं. पोस्टमास्तर चक्क सुरात गायले, कुणी पडलं नाही, लोकांनी टाळ्या वाजवल्या. मी काहीतरी बोलायचं म्हणून म्हटलं, "छान झाला हो मामा, कार्यक्रम."

मामा ओटीकडे बघत होते.

"छानच झाला," ते म्हणाले. "आता पुढच्या वर्षी कशाला करायचा रे?"