शेवटच्या रिळात मरणाऱ्या नटाला भेटायला

या वेळचा लाँग वीकेंड योसेमिटीला नाही, एका म्हाताऱ्या जपानी नटासाठी गेला. आमच्या सांता क्लारातले शेजारी भालूकाका, मूळ नागपूरचे, आता निवृत्त डॉक्टर. त्यांनी फर्मानच काढलं, "लॉस एंजेलिसला त्याचं शेवटचं फॅन मीट आहे. ड्राइव्ह तू कर, डबा मी आणतो."

हा नट म्हणजे शहरं तुडवणाऱ्या अजस्र प्राण्यांच्या राक्षसपटांतला कायमचा शास्त्रज्ञ. धोक्याचा इशारा हाच देणार, कुणी ऐकणार नाही आणि शेवटच्या रिळात ढिगाऱ्याखाली हाच जाणार. काका तरुणपणी ओहायोत एकटे होते, तेव्हा पडद्यावर अडखळत इंग्रजी बोलणारा त्यांना हा एकच भेटला. "त्याला बघून दुसऱ्या दिवशी वॉर्डात तोंड उघडायचा धीर यायचा," काका म्हणाले. त्याचे आभार मानायचे राहून गेले होते, आणि गुडघे आता पुढच्या वर्षाची हमी देत नव्हते.

पहाटे निघालो. आय-फाइव्ह हायवे कंटाळवाणा, पण सरळसोट. वाटेत गुरांचे प्रचंड गोठे लागतात, तिथे काचा बंद ठेवा; थालीपिठं त्याआधीच संपवा. पार्किंग ऑनलाइन घ्या, दारात दुप्पट पडतं. काका वाटभर इंग्रजी भाषण घोकत होते.

रांग सरकत टेबलापाशी आली. नट काकांपेक्षाही थकलेला. त्याला समोर पाहून काका भाषण विसरले आणि वडीलधाऱ्यांपुढे वाकावं तसे थेट पायांशी वाकले. वाकले ते ठीक, उठता येईना. स्वयंसेविका धावली, "सर, आर यू ओके?"

तोवर नटच टेबलामागून आला. काकांच्या काखेत हात घालून त्याने त्यांना अलगद उभं केलं. "पडायचं काम मी आयुष्यभर केलं," तो इंग्रजीत हसत म्हणाला, "उठतानाचा शॉट कुणी घेतलाच नाही." मग तोही काकांसमोर कमरेतून खोल वाकला.

परतताना गाडीत काकांना एकदम आठवलं. "यार, थँक यू म्हणायचं राहिलंच."

"वाकलात ना काका, पोचलं ते."

"पण तो कशाला वाकला गं?"

"तुम्ही तिकीट काढून बघायचात ना त्याला."

काकांनी चष्मा पुसला. मी त्याचा एकही सिनेमा धड पाहिला नव्हता, तरी काकांनी मला सोबत नेलं याचं मला फार बरं वाटलं.

परवा काका आमच्याकडे माझ्या लेकीला, ईराला, त्याचा जुना सिनेमा दाखवत होते. इमारत कोसळली, शास्त्रज्ञ गाडला गेला.

"इज ही डेड?" ईराने विचारलं.

"पडलेत फक्त," काका पोहे खात म्हणाले. "उठतात ते. मलासुद्धा उठवलंय त्यांनी."