दार नसलेलं घर

तिकडे मुंबईला नवं राज्य झालं म्हणून आमच्या गल्लीत पेढे वाटले, पण त्याच्याही आधीपासून आम्हा दोघी बहिणींचं एक राज्य होतं. ते बापाच्या वावरात, पऱ्हाटीत होतं. कापसाची झाडं डोक्यावर जायची आणि त्यांच्या ओळीत आम्ही बसायचो. त्या राज्यातल्या माणसांना तोंडच नव्हतं. ती नुसत्या खुणा काढायची. खूण ज्याच्या नजरेस पडली त्याच्या डोक्यात ती गोष्ट शिरलीच, मग त्याची मर्जी असो नसो. चतकोर भाकर काढली की भूक. उलटं पाऊल काढलं की पळा, माय येऊन राह्यली. सगळ्यात जबर खूण बहिणीनं शोधली होती: दार नसलेलं घर आणि बाहेर एक टिंब. म्हणजे 'मले करमत नाही.' तिला उत्तर एकच, शेजारी दुसरं टिंब द्यायचं. म्हणजे 'मलेबी.'

मग एकाच मांडवात दोघींची लग्नं उरकली. मी मोताळ्याला, ती थेट बीबीला. जिल्हा एकच, पण एश्टी बदलता बदलता दिवस मोडायचा, आणि सुनेला एश्टीत बसवतो कोण? माहेरी म्हणावं तर माय गेलेली, दोघींना एकदम बोलावणारं कोणी उरलं नव्हतं.

सासर वाईट होतं असं नाही, खोटं कशाला बोलू. पोटभर खायला होतं. पण बोलायला कुणी नव्हतं. सासू 'पाणी आण' आणि 'झाकण ठेव'च्या पुढे कधी गेली नाही, आणि नवरा बोलायचा तो बैलांशी. मला इतकं एकटं वाटायचं की मी चुलीशी भांडायची. बहिणीचं कार्ड यायचं, पण मला तेव्हा अक्षर येत नव्हतं. मामाजी, म्हणजे माझे सासरे, ते अंगणात मोठ्यानं वाचायचे आणि उत्तरही तेच लिहायचे: 'इकडील सर्व क्षेम.' तिकडेही तिचा सासराच लिहीत असणार. आग लागो त्या क्षेमाला! माझी बहीण हसते का रडते, एवढंच मला पाहिजे होतं, आणि तेवढंच कोणी सांगेना.

आठवडी बाजारात एक गोंदणारी बसायची. बाजार करत करत ती पार बीबीपर्यंत जायची. सासूनं मला तिच्यापुढे बसवलं, "हिच्या हातावर तुयशीवृंदावन काढ," म्हणाली आणि बांगड्या पाहायला वळली. मी झटकन मातीत बोटानं आमचं घर काढलं, बाहेर टिंब दिलं.

"हे काढ."

"काय व्हय हे?"

"आमच्या माहेरचं वृंदावन."

"दार नाही काऊन याले?"

"वृंदावनाले दार असते का कुठं?"

बाई हसली आणि तिनं सुया उचलल्या. चार रेघा आणि एक टिंब, तिला ते फार सोपं पडलं. मग येईल तिला ती 'माहेरचं वृंदावन' गोंदू लागली. आमची शेजारीण, दुपारी जेवून निवांत घोरणारी बाई, तिनंही गोंदून घेतलं. थोड्या दिवसांनी येऊन म्हणते, "काय झालं काय माय, मले आजकाल करमूनच नाही राह्यलं!" मी तोंडात पदर कोंबून हसले, आणि मग मलाच भीती वाटली. खूण खरंच चालत होती की काय!

प्रत्येक बाजारात मी गोंदणारीला विचारायची.

"बीबीले गेलती का?"

"गेलती ना."

"कोणी काही म्हणालं?"

"सुई टोचली का रडतात. दुसरं काय म्हणतात?"

पुढे शेजारणीकडे बीबीची सून आली. पोरगी पाया पडायला वाकली आणि तिच्या मनगटावर मला माझी खूण दिसली. टिंबं दोन होती.

"हे दुसरं कायचं वं?" मी तिचा हातच धरला.

"आमच्याकडं दोनच गोंदतात, ताई. आमच्या गल्लीतली एक बाई गोंदणारीशी भांडली. म्हणे, माया हातावर दुसरं टिंब काढ, त्याच्याबिगर मी उठत नाही. तवापासून सगळ्यायले दोन."

"कशी हाये ती बाई?"

"चांगली हाये. कोणाशी बोलत नाही."

मी अशी रडले की ती पोरगी घाबरून सासूला हाका मारू लागली. इतके दिवस मी त्याच टिंबाची वाट पाहत होते. ते आलं नसतं तर बरं झालं असतं. निदान आमच्यातल्या एकीला तरी करमतंय असं मी समजले असते.

त्याच आठवड्यात तिचं कार्ड आलं. मामाजींनी अंगणात बसून वाचलं, 'इकडील सर्व क्षेम, काळजी नसावी.'

"पाह्य, तुही बहीण मजेत हाये."

"हाव, मामाजी," मी म्हटलं.

मग त्यांनी माझ्या वतीनं उत्तर लिहिलं: 'इकडीलही सर्व क्षेम.'