राळेगावच्या जिनिंगमध्ये बिनगाण्याचा नाच

सगळ्यात आधी आली ती चंद्रकला. कार्यक्रम दुपारी तीनचा, अन् ही दोनलाच जिनिंगच्या, म्हंजे कापसातली सरकी काढायच्या कारखान्याच्या, दारात, इस्त्रीचं लुगडं नेसून. माणसाएवढे स्पीकर पाहून मले म्हणे, "नवरदेव कोन हाय वं?"

नवरदेव कोणी नव्हता. माझी नात प्रज्ञा पुण्यात कॉम्प्युटरवर नाचायची गाणी बनवते. मागच्या हंगामात तिनं या जिनिंगच्या मशीनचा आवाज भरून नेला होता, त्याचं गाणं बनवलं, अन् ते आधी राळेगावातच वाजवायचं ठरवलं. लग्नाआधी मी अन् चंद्रकला इथंच कामाला होतो. मग मी कशी घरी बसीन?

मी अन् प्रज्ञानं नेरहून सकाळची एसटी धरली, यवतमाळला बदलली. बायांना अर्धं तिकीट आहे, तर उगाच गाडी करू नका. उन्हाळ्यात जाल तर पाणी घरून न्या. राळेगावच्या स्टँडजवळ आलूबोंडा तर्रीत बुडवून देतात. मी दोन खाल्ले, प्रज्ञानं एकही नाही.

"आजी, पुण्यात लोक नाचतात. पण इथल्या बायाले नाही आवडलं तर मी हे बंद करतो. ज्याईचा आवाज, त्याईलेच नको असन तर कायले वाजवू?"

पोरीचं तोंड सुकून गेलतं. तिचे पुण्याचे दोन मित्र आदल्या दिवशीच स्पीकर घेऊन आले होते.

हंगाम संपला की जिनिंग रिकामी असते. आत अंधार, पत्र्याच्या भोकांतून उन्हाच्या काड्या. इथं काम केलेल्या पंचवीसेक बाया आल्या अन् सतरंजीवर मांडी घालून बसल्या, भीमगीतांच्या कार्यक्रमाला बसतो तशा. प्रज्ञानं सुरू केलं. धप, धप, धप, धप. वरून काहीतरी झाडल्यासारखं, लांब जाऊन परत येणारं. पाच मिनिटं झाली, दहा झाली. बाया हलेनात.

चंद्रकला माझ्या कानात ओरडली, "गाणारा कवा येते?"

तिथंच आमची चूक. आम्ही सगळ्या गाणाऱ्याची वाट पाहून राह्यलो होतो, अन् प्रज्ञाले वाटलं, आवडलं नाही. तिचा हात बंद करायच्या बटणाकडे गेला.

अन् मले आठवलं. जिनिंगच्या गोंगाटात आम्ही कानानं कुठं ऐकायचो? मशीन नीट चालते का अडकते, ते तळपायाले कळे. मी उठली.

"चंद्रकले, सतरंजीवरून उतर. अनवाणी उभी राय."

"गुडघे दुखते माहे."

"गुडघ्यानं कोन आयकाले सांगतलं? पायानं आयक."

ती फरशीवर उतरली. जराशी थांबली. "अवं, हे तं तीन नंबरची मशीन. अशीच अडखळे हे." अन् तिचा डावा पाय हलाले लागला.

मग एकेक बाई उतरली. हात कापूस लोटल्यासारखे आपोआप चालले. मधेच धप थांबली, तर मशीनचा पट्टा उतरल्यावर थांबायच्या तशा सगळ्या जागच्या जागी थांबल्या. धप परत आली तेव्हा थेट छातीत घुमली. प्रज्ञा हसत बटणं फिरवत होती, अन् तिचे मित्र चंद्रकलेमागं उभे राहून कापूस लोटायचा हात शिकत होते.

घरी आल्यावर दोन दिवस कानात दडे बसले होते, ते गेले. ते गाणं मले गुणगुणता येत नाही, त्यात गुणगुणायले काही नाहीच. पण चंद्रकलेसंग पुन्हा एकदा त्या मशीनपाशी उभी राह्यली, ते राहिलं.

बंद करायचं प्रज्ञानं पुन्हा काढलं नाही. निघताना चंद्रकलेनं तिघांकडून कबूल करून घेतलंय, पुन्हा इथंच वाजवायचं: पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, तान्ह्या पोळ्याला, दुपारी तीनला, सतरंजी न आणता.